नव्या कन्सोलवर जुना गेम: बदलते काय आणि पैसे कशाचे

टीव्हीला जोडून व्हिडिओ गेम खेळण्याचे यंत्र, म्हणजे कन्सोल, साधारणपणे सहा ते आठ वर्षांनी पिढी बदलते. सोनी कंपनीचे प्लेस्टेशन ४ अमेरिकेत नोव्हेंबर २०१३ मध्ये विक्रीला आले आणि प्लेस्टेशन ५ नोव्हेंबर २०२० मध्ये. मायक्रोसॉफ्टचे एक्सबॉक्स वन आणि त्यानंतरची एक्सबॉक्स सिरीज एक्स व सिरीज एस ही जोडीही त्याच दोन महिन्यांत बाजारात उतरली. भारतातल्या ग्राहकाला प्लेस्टेशन ५ साठी २ फेब्रुवारी २०२१ पर्यंत थांबावे लागले आणि डिस्क घालता येणाऱ्या यंत्रासाठी ४९,९९० रुपये मोजावे लागले. एवढी रक्कम मोजणाऱ्याच्या घरात बहुधा आधीच्या यंत्राचे अनेक गेम पडून असतात, त्यामुळे ते नव्या यंत्रावर चालतील का, चालले तर आधीपेक्षा चांगले दिसतील का, आणि त्यासाठी पुन्हा पैसे द्यावे लागतील का, हे प्रश्न त्याला नवा गेम घेण्याआधीच पडतात. या प्रश्नांची उत्तरे गेमगणिक वेगळी आहेत, आणि त्या वेगळेपणामागे तंत्रज्ञानाचा जेवढा वाटा आहे तेवढाच विक्रीच्या हिशेबाचाही आहे.

जुना गेम नव्या यंत्रावर चालणे ही पूर्वी गृहीत धरण्याची गोष्ट नव्हती. प्लेस्टेशन २ वर पहिल्या प्लेस्टेशनच्या डिस्क चालत असत. प्लेस्टेशन ३ च्या सुरुवातीच्या मॉडेलांमध्ये तर प्लेस्टेशन २ ची मूळ चिपच बसवलेली होती, पण ती महाग पडत असल्याने पुढच्या मॉडेलांतून काढून टाकण्यात आली. खरा खंड पडला तो प्लेस्टेशन ४ च्या वेळी. प्लेस्टेशन ३ मध्ये ‘सेल’ नावाचा प्रोसेसर होता, त्याची रचना इतर कुठल्याही घरगुती संगणकासारखी नव्हती, आणि त्याच्यासाठी लिहिलेला प्रोग्राम सर्वसाधारण पीसीच्या जातकुळीचा प्रोसेसर वापरणाऱ्या प्लेस्टेशन ४ ला समजणे शक्य नव्हते. परिणामी जुन्या डिस्क निरुपयोगी ठरल्या आणि तेच गेम नव्या यंत्रासाठी पुन्हा बांधून, थोडे उजळून, पुन्हा विकण्याचा मोठा व्यवसाय उभा राहिला. अशा उजळलेल्या आवृत्तीला या क्षेत्रात रिमास्टर म्हणतात. ‘द लास्ट ऑफ अस’ हा गेम जून २०१३ मध्ये प्लेस्टेशन ३ वर आला आणि अवघ्या तेरा महिन्यांत, जुलै २०१४ मध्ये, त्याचा रिमास्टर प्लेस्टेशन ४ साठी दुकानात होता. ‘ग्रँड थेफ्ट ऑटो ५’ ची कथा याहून लांबली: २०१३, २०१४ आणि २०२२ अशा तीन वेळा तो कन्सोलच्या तीन पिढ्यांवर स्वतंत्रपणे विकला गेला, आणि आधीच्या आवृत्तीच्या मालकांना नवी आवृत्ती फुकट मिळाली नाही.

प्लेस्टेशन ४ कडून ५ कडे जाताना मात्र घराणे बदलले नाही. दोन्ही यंत्रांचे प्रोसेसर आणि चित्रे काढणारी चिप एएमडी या एकाच कंपनीच्या तंत्रावर आधारलेली आहेत. फरक आहे तो ताकदीचा. जुन्या यंत्राची चित्रचिप सेकंदाला सुमारे १.८४ लाख कोटी गणिते करू शकत असे, नव्या यंत्राची सुमारे १०.२८ लाख कोटी करते, आणि तात्पुरत्या स्मृतीची क्षमता ८ जीबीवरून १६ जीबीवर गेली. या नात्यामुळे प्लेस्टेशन ५ बाजारात येण्याआधीच सोनीला असे जाहीर करता आले की, प्लेस्टेशन ४ च्या ४,००० हून अधिक गेमपैकी ९९ टक्क्यांहून जास्त गेम नव्या यंत्रावर चालतील. जुन्या पिढीचा गेम नव्या यंत्रावर जसाच्या तसा चालण्याच्या या सोयीला बॅकवर्ड कम्पॅटिबिलिटी म्हणतात. ती फुकट मिळते, आणि पुष्कळ खेळाडूंची गरज तेवढ्यावर भागते.

मग सुधारित आवृत्तीची गरज कुठे उरते, हे समजण्यासाठी गेम पडद्यावर कसा उमटतो ते पाहावे लागते. पडद्यावरची हालचाल ही एकामागून एक येणाऱ्या स्थिरचित्रांची मालिका असते. त्यातले प्रत्येक चित्र म्हणजे एक फ्रेम, आणि एका सेकंदात किती फ्रेम दिसतात तो फ्रेम रेट. प्लेस्टेशन ४ च्या काळातले बहुतेक मोठे गेम सेकंदाला ३० फ्रेम या गतीला बांधलेले होते, म्हणजे एक फ्रेम तयार करायला यंत्राला सुमारे ३३ मिलिसेकंद मिळत. ही गती ६० वर न्यायची तर तेच काम १७ मिलिसेकंदांच्या आत उरकावे लागते, आणि जुन्या यंत्राचा प्रोसेसर त्यासाठी फारच दुबळा होता. नवे यंत्र हे काम सहज करू शकते, पण जुन्या प्रोग्राममध्ये ३० ची मर्यादा लिहून ठेवलेली असेल तर कितीही ताकदवान यंत्र तिच्या पुढे जात नाही. सेकंदाला ६० फ्रेम मिळाल्या की हातातल्या बटणाला पडद्यावरून मिळणारा प्रतिसाद जलद होतो आणि कॅमेरा फिरवताना चित्र फाटल्यासारखे किंवा अडखळल्यासारखे वाटत नाही. ज्याने एकदा हा फरक अनुभवला त्याला मागे जाणे जड जाते. जाहिरातीत मोठ्या अक्षरांत झळकणाऱ्या फोर-के चित्रापेक्षा, म्हणजे सुमारे २१ लाखांऐवजी सुमारे ८३ लाख ठिपक्यांनी बनलेल्या चित्रापेक्षा, हा बदल कितीतरी अधिक मोलाचा आहे, आणि तरीही विक्रीच्या मजकुरात तो बहुधा दुसऱ्या ओळीत सापडतो.

ही मर्यादा उठवणे वरवर पाहता एक आकडा बदलण्याचे काम दिसते, परंतु अनेक गेममध्ये वस्तूंचे पडणे, आदळणे, झिजणे हे सारे हिशेब फ्रेमच्या मोजणीला बांधलेले असतात. ‘डार्क सोल्स २’ हे याचे गाजलेले उदाहरण आहे. ६० फ्रेमच्या गतीने चालणाऱ्या पीसीवरच्या आवृत्तीत खेळाडूंची शस्त्रे ३० फ्रेमच्या मूळ आवृत्तीच्या जवळपास दुप्पट वेगाने झिजत होती. कारण शस्त्र शत्रूच्या शरीराला टेकलेले असताना झीज फ्रेममागे मोजली जात होती, आणि फ्रेम दुप्पट झाल्या म्हणजे झीजही दुप्पट. २०१५ मध्ये तो गेम नव्या कन्सोलवर आला तेव्हा हा दोष तिथेही गेला आणि मगच त्याची दुरुस्ती झाली. त्यामुळे गती वाढवल्यावर सगळा गेम पहिल्यापासून तपासावा लागतो, आणि मूळ चमू पांगलेला असेल तर ते काम कोणी अंगावर घेत नाही. ‘ब्लडबोर्न’ हा २०१५ चा बहुचर्चित गेम प्लेस्टेशन ५ वर आजही ३० फ्रेमलाच चालतो. उलट २०१८ च्या ‘गॉड ऑफ वॉर’ला फेब्रुवारी २०२१ मध्ये एक छोटी फुकट दुरुस्ती मिळाली आणि तो ६० वर गेला.

दुसरा मोठा बदल साठवणुकीचा आहे. प्लेस्टेशन ४ मध्ये फिरत्या तबकडीची हार्ड डिस्क होती, आणि तबकडीवर वेगवेगळ्या जागी ठेवलेली माहिती वाचायची तर वाचणारा काटा दर वेळी इकडून तिकडे हलवावा लागतो. हा वेळ वाचवण्यासाठी गेम बनवणारे एकच वस्तू तबकडीवर अनेक ठिकाणी पुन्हा पुन्हा लिहून ठेवत. प्लेस्टेशन ५ ची रचना करणारे मार्क सर्नी यांनी मार्च २०२० मधील आपल्या व्याख्यानात याचे एक बोलके उदाहरण दिले होते: ‘मार्व्हल्स स्पायडर-मॅन’ या गेममध्ये न्यूयॉर्कच्या रस्त्यावरच्या टपालपेट्यांसारख्या काही वस्तूंची माहिती डिस्कवर तब्बल ४०० वेळा लिहिलेली होती, म्हणजे शहराचा कोणताही भाग उघडला तरी ती जवळच सापडावी. प्लेस्टेशन ५ मधील एसएसडी, म्हणजे फिरता भाग नसलेली साठवण, सेकंदाला ५.५ जीबी माहिती वाचते आणि तिला जागेचे अंतर माहीत नसते, त्यामुळे खास तिच्यासाठी बांधलेल्या आवृत्तीत ही पुनरुक्ती काढून टाकता येते. जुना प्रोग्राम नव्या यंत्रावर चालवला तर तोही पूर्वीपेक्षा लवकर उघडतो, पण माहिती मागण्याची आणि उलगडण्याची आपली जुनी पद्धत तो सोडत नाही. मिनिटभर थांबायला लावणारा गेम काही सेकंदांत उघडणे हा अनुभव प्रामुख्याने नव्याने बांधलेल्या आवृत्तीतच मिळतो.

तिसरा बदल डोळ्यांना सर्वांत आधी दिसतो, आणि तरी त्याचे मोल सर्वांत वादग्रस्त आहे. रे ट्रेसिंग या तंत्रात प्रकाशाचा किरण कुठून निघाला, कशावर आपटला आणि कुठे परावर्तित झाला याचा माग गणिताने काढला जातो. एरवी सावल्या आणि प्रतिबिंबे कलाकारांनी आधीच ठरवून ठेवलेली असतात. पोलंडच्या सीडी प्रोजेक्ट रेड या कंपनीचा ‘द विचर ३’ हा मे २०१५ चा गेम १४ डिसेंबर २०२२ रोजी नव्या पिढीसाठी सुधारून आला तेव्हा त्यात दोन पर्याय होते: रे ट्रेसिंगसह ३० फ्रेम, किंवा रे ट्रेसिंगशिवाय ६० फ्रेम. संध्याकाळच्या उन्हात झाडांखाली साचणारा अंधार पहिल्या पर्यायात अधिक खरा दिसतो हे मान्य करूनही, घोड्यावरून तासन् तास भटकायच्या या खेळात दुसरा पर्याय निवडणाऱ्यांची निवड अधिक शहाणपणाची म्हणावी लागेल. या आवृत्तीत चाहत्यांनी वर्षानुवर्षे स्वतःहून केलेल्या काही सुधारणाही कंपनीने अधिकृतपणे सामावून घेतल्या, आणि मूळ गेम ज्यांच्याकडे होता त्यांना हे सारे विनामूल्य मिळाले. कामही सोपे गेले नाही: आधी बाहेरच्या स्टुडिओकडे सोपवलेला हा प्रकल्प एप्रिल २०२२ मध्ये कंपनीने स्वतःकडे घेतला, वेळापत्रक पुढे ढकलले, आणि तरीही पीसीवरची आवृत्ती पहिल्या दिवसांत अडखळतच चालत होती. त्याच कंपनीचा ‘सायबरपंक २०७७’ उलट्या वाटेने गेला. डिसेंबर २०२० मध्ये जुन्या कन्सोलवर तो इतका वाईट चालला की सोनीने काही दिवसांतच तो आपल्या दुकानातून काढून टाकला, आणि फेब्रुवारी २०२२ मध्ये मिळालेल्या फुकट सुधारित आवृत्तीनंतर नव्या कन्सोलवर तो असायला हवा होता तसा दिसू लागला. या गेमला केवळ सुधारणा नव्हे, त्याच्या लायकीचे यंत्रही हवे होते.

ग्राहकाच्या दृष्टीने एक तांत्रिक भेद फार महत्त्वाचा आहे, आणि तो दुकानात क्वचितच कोणी सांगतो. सुधारणा दोन प्रकारे होते. पहिल्या प्रकारात जुन्याच प्रोग्रामला ठिगळ जोडले जाते, ज्याला पॅच म्हणतात. गेम कागदोपत्री जुन्या पिढीचाच राहतो, म्हणून खेळाडूने जिथवर मजल मारली आहे त्याची नोंद, म्हणजे सेव्ह फाइल, आणि मिळवलेल्या ट्रॉफी आपोआप कायम राहतात. दुसऱ्या प्रकारात नव्या यंत्रासाठी वेगळाच प्रोग्राम बांधला जातो, आणि प्लेस्टेशनवर तो जुन्यापासून स्वतंत्र गेम मानला जातो. शंभर तास खेळून झालेल्या माणसाने नवी आवृत्ती सुरू करावी आणि तिने त्याला पहिल्या पानावर नेऊन उभे करावे, असे यामुळे घडते. पुष्कळ गेममध्ये यावर उपाय आहे, पण तो जुन्या आवृत्तीत शिरून, तिथून सेव्ह फाइल पाठवून आणि नव्या आवृत्तीत ती उतरवून घेऊन करावा लागतो.

डिस्कचा प्रश्न याहून कडवट आहे. प्लेस्टेशन ४ ची डिस्क असलेल्या माणसाने नवी आवृत्ती घेतली तरी गेम सुरू करताना दर वेळी ती जुनी डिस्क यंत्रात असावी लागते, कारण मालकीचा पुरावा तीच आहे. त्यामुळे सुधारित आवृत्ती घेतल्यावर डिस्क विकून टाकता येत नाही, आणि डिस्कची खाच नसलेले स्वस्त डिजिटल यंत्र घेणाऱ्याला तर आपल्या संग्रहाचा काहीच उपयोग होत नाही. नोव्हेंबर २०२३ पासून आलेल्या बारीक मॉडेलला डिस्कचा भाग वेगळा विकत घेऊन जोडता येतो. त्याआधीच्या डिजिटल मॉडेलला ती सोय नाही. वापरलेल्या डिस्कची अदलाबदल करून शौक परवडवणाऱ्या भारतीय खेळाडूंसाठी हा हिशेब यंत्र घेण्याआधीच करण्याजोगा आहे.

पैशांच्या बाबतीत दोन कंपन्यांनी सुरुवातीला दोन दिशा धरल्या. मायक्रोसॉफ्टने २०२० मध्ये स्मार्ट डिलिव्हरी नावाची व्यवस्था आणली, ज्यात गेम एकदाच विकत घ्यायचा आणि यंत्र कोणते आहे ते पाहून योग्य ती आवृत्ती आपोआप उतरवली जायची. तरीही अंतिम निर्णय गेमच्या प्रकाशकाचा असतो, हे ‘कंट्रोल’ या गेमने लगेच दाखवून दिले: २०२० मध्ये जाहीर झाले की नव्या पिढीची आवृत्ती फक्त ‘अल्टिमेट एडिशन’ घेणाऱ्यांनाच मिळेल, म्हणजे ज्यांनी गेम पहिल्या दिवशी पूर्ण किमतीला घेतला होता तेच वगळले गेले. सोनीची घसरण सप्टेंबर २०२१ मध्ये झाली. ‘होरायझन फॉरबिडन वेस्ट’ची आगाऊ नोंदणी सुरू होताना असे उघड झाले की, प्लेस्टेशन ४ ची साधी आवृत्ती घेणाऱ्याला पुढे प्लेस्टेशन ५ ची आवृत्ती मिळणारच नाही, खेळाडूंचा संताप इतका होता की काही दिवसांतच प्लेस्टेशन विभागाचे तेव्हाचे प्रमुख जिम रायन यांनी माघार घेतली, या एका गेमसाठी सुधारणा फुकट केली, आणि यापुढे सोनीच्या दोन्ही पिढ्यांवर येणाऱ्या गेमसाठी १० डॉलर आकारले जातील असे जाहीर केले. ‘ग्रॅन टुरिस्मो ७’ आणि ‘गॉड ऑफ वॉर रॅग्नरॉक’ या २०२२ च्या गेमना तोच दर लागला. माघारीतून एक गंमत निर्माण झाली: भारतात ‘फॉरबिडन वेस्ट’ची जुनी आवृत्ती ३,९९९ रुपयांना आणि नवी ४,९९९ रुपयांना होती, आणि जुनी घेणाऱ्याला नवी फुकटच मिळत असल्याने जास्त पैसे देण्याचे कारण उरले नाही.

दहा डॉलर योग्य की अयोग्य, याचे सरसकट उत्तर देता येत नाही. ‘घोस्ट ऑफ त्सुशिमा’ची ऑगस्ट २०२१ मधील सुधारित आवृत्ती घेताना जुन्या मालकाला ३० डॉलर द्यावे लागले, पण त्यातले २० डॉलर इकी बेटावरच्या नव्या कथाभागाचे होते आणि १० यंत्र बदलण्याचे. नवा मजकूर, नवा आवाज, नवी दृश्ये यांना किंमत असावी यात गैर काही नाही. मात्र ज्या बदलाला फ्रेमची मर्यादा उठवण्यापलीकडे फारसे काम लागलेले नाही, तो स्वतंत्र वस्तू म्हणून विकणे हे ग्राहकाच्या अज्ञानावर केलेली कमाई आहे. मायक्रोसॉफ्टच्या एफपीएस बूस्ट या सोयीने हे सिद्धच केले: फेब्रुवारी २०२१ पासून निवडक जुन्या गेमचा फ्रेम रेट यंत्राच्या पातळीवरच दुप्पट केला गेला, मूळ प्रोग्रामला हात न लावता आणि ग्राहकाकडून एक पैसाही न घेता. अर्थात ही वाट सर्व गेमना उपलब्ध नव्हती, आणि नोव्हेंबर २०२१ मध्ये जुन्या गेमची शेवटची तुकडी जोडताना मायक्रोसॉफ्टने परवाने, कायदेशीर अडचणी आणि तांत्रिक मर्यादा यांमुळे जुने गेम नव्या यंत्रावर आणण्याची मोहीम थांबवत असल्याचे सांगितले. एखाद्या गेममधल्या गाण्याचा किंवा मोटारीच्या नावाचा करार संपलेला असला, तर तंत्रज्ञ काहीही करू शकत नाहीत.

उजळणीच्या पलीकडे रिमेक असतो, म्हणजे जुनी कथा तीच ठेवून गेम पायापासून पुन्हा बांधणे, आणि ते किती कठीण आहे याचा दाखला महाराष्ट्रातच सापडतो. युबीसॉफ्ट या फ्रेंच कंपनीच्या पुणे आणि मुंबई येथील स्टुडिओंकडे २००३ च्या ‘प्रिन्स ऑफ पर्शिया: द सँड्स ऑफ टाइम’चा रिमेक सोपवल्याचे सप्टेंबर २०२० मध्ये जाहीर झाले, पहिल्या झलकेतल्या चित्रांवर टीका झाली, प्रकाशनाची तारीख आधी पुढे गेली आणि मग अनिश्चित झाली, आणि मे २०२२ मध्ये काम मूळ गेम बनवणाऱ्या माँट्रियलच्या स्टुडिओकडे गेले. वीस वर्षांपूर्वीची चित्रे खेळाडूच्या आठवणीत असतात त्याहून कितीतरी खडबडीत होती, आणि रिमेकची तुलना नेहमी त्या आठवणीशी होते. दुसऱ्या टोकाला ‘द लास्ट ऑफ अस’ पुन्हा उभा आहे: २०२२ मध्ये त्याची तिसरी आवृत्ती, पूर्ण नव्या चित्रांसह, अमेरिकेत ७० डॉलरला आली, आणि ती उत्तम बांधलेली असूनही आठ वर्षांपूर्वीचा रिमास्टर ज्याच्याकडे आहे त्याने ती घ्यावी असे म्हणवत नाही.

निन्टेंडोने ५ जून २०२५ रोजी स्विच २ हे आपले नवे कन्सोल आणताना हाच नमुना गिरवला. काही जुन्या गेमना फुकट सुधारणा मिळाली, २०१७ च्या ‘ब्रेथ ऑफ द वाइल्ड’सारख्या झेल्डा मालिकेतील गेमसाठी १० डॉलर ठरले, आणि नवा कथाभाग जोडलेल्या कर्बीच्या गेमसाठी २०. दहा डॉलरचा दर आता या व्यवसायात रुळला आहे असे दिसते.

म्हणून जुन्या गेमची नवी आवृत्ती घेण्यापूर्वी आधी तो गेम नव्या यंत्रावर आहे तसा चालवून पाहावा, कारण फुकटच्या पॅचने गरज भागत असेल तर दुकानात जाण्याचे कारण नाही. ६० फ्रेम आणि जलद सुरुवात मिळणार असेल, गेम अजून अर्धवट असेल किंवा पुन्हा खेळायचा असेल, तर १० डॉलरपर्यंतचा खर्च सार्थकी लागतो. फक्त उठावदार सावल्यांसाठी तो करू नये. आणि जुने यंत्र विकायला काढणाऱ्या प्लेस्टेशनच्या मालकाने त्यातल्या सेव्ह फाइल पेनड्राइव्हवर किंवा नेटवर्कवरून नव्या यंत्रावर आधी उतरवून घ्याव्यात, कारण त्या एकदा पुसल्या गेल्या की कोणतीही नवी आवृत्ती त्या परत देऊ शकत नाही.